सहा किलोमीटर पुरे, आता वीस सेकंद सांगा

प्रति,
अविनाश साबळे यांस,



मी धर्माबादचा. नांदेड जिल्ह्याचं हे पूर्वेचं टोक. पुढे बासर लागलं की तेलंगण सुरू. तुमचं मांडवा आष्टी तालुक्यात, मराठवाड्याच्या पश्चिमेच्या कडेला, नगरला खेटून. म्हणजे आपण एकाच मराठवाड्याचे, पण दोन टोकांचे. तुमच्याकडून ऊसतोडीला टोळ्या निघतात, आमच्याकडं लाल मिरचीचा बाजार भरतो आणि निम्मं गाव मराठीतून बोलता बोलता तेलुगूत शिरतं. मी इथं शाळेत खेळाचा तास घेतो आणि पहाटे, कुणी सांगितलेलं नसताना, भरतीची तयारी करणाऱ्या पोरापोरींचं टायमिंग धरतो. हातात स्टॉपवॉच आणि गळ्यात शिट्टी, एवढाच काय तो माझा अधिकार.

तुम्हाला अभिनंदनाची आणि सत्काराच्या निमंत्रणांची पत्रं ढिगानं येत असतील. हे तसलं नाही. यात एक तक्रार आहे आणि एक मागणी. तक्रार तुमच्याविषयी नाही, तुमची गोष्ट आम्ही सगळे ज्या तऱ्हेनं सांगतो तिच्याविषयी आहे. मागणी मात्र तुमच्याकडंच आहे, कारण ती दुसऱ्या कुणाला पुरी करता येणार नाही.

आधी आमच्या पहाटेविषयी सांगतो. बाभळी बंधाऱ्याकडं जाणाऱ्या रस्त्यावर पाचच्या सुमाराला उभं राहा. अंधारात आधी बुटांचा आवाज येतो, मग माणसं दिसतात. पोरं दोघा-तिघांच्या घोळक्यानं पळतात. पोरी सहा-सात जणी मिळून, आणि त्यांच्या मागं कुणाचा तरी भाऊ मोटारसायकलचा दिवा लावून हळूहळू येत असतो; पाठराखण आणि उजेड दोन्हींची सोय. मिरचीच्या दिवसांत हवेतच ठसका असतो, शेवटच्या फेरीला सगळे खोकत येतात. तरी कुणी थांबत नाही. एखाद्याला विचारलं, काय पळायलास रे, तर उत्तर ठरलेलं: “सोळाशे, सर.” पोरींचं उत्तर: “आठशे.”

सोळाशे मीटर आणि आठशे मीटर. ही अंतरं कुठल्याही क्रीडा पुस्तकातून इथं आलेली नाहीत, भरतीच्या जाहिरातीतून आली आहेत. राज्य पोलीस भरतीत मैदानी चाचणी, पोरांच्या भाषेत ‘ग्राउंड’, ५० गुणांची. त्यातले २० गुण पुरुषांना १६०० मीटरचे आणि महिलांना ८०० मीटरचे. पोरांनी ५ मिनिटं १० सेकंदांच्या आत यायचं, पोरींनी २ मिनिटं ५० सेकंदांच्या आत, की वीसपैकी वीस. सैन्याच्या मेळाव्यातही एक पूर्णांक सहा किलोमीटरच. तेव्हा गंमत बघा. मध्यम पल्ल्याची धाव म्हणजे काय असं विचारलं तर आमच्याकडं एकही हात वर होणार नाही, पण रोज पहाटे अख्खा मराठवाडा मध्यम पल्ल्याचंच पळत असतो. उदगीर, अहमदपूर, मुखेड, देगलूर, बिलोली, कुठल्याही तालुक्याच्या बाहेरच्या रस्त्यावर जा, सोळाशेवाले भेटतीलच.

आता तक्रारीकडं येतो. तुम्ही तीन हजार मीटर स्टीपलचेसमध्ये, म्हणजे अडथळ्यांच्या शर्यतीत, बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेतून पदक आणलंत, हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेतून सुवर्ण आणलंत, तेव्हा आमच्या शाळांतून, अकॅडम्यांतून, व्याख्यानांतून तुमचं नाव घेतलं गेलं. घ्यायलाच हवं होतं. पण काय सांगितलं गेलं? आई-वडील वीटभट्टीवर राबायचे. लहान अविनाश रोज सहा किलोमीटर पायी, कधी पळत शाळेला जायचा. परिस्थितीनं त्याला घडवलं. टाळ्या. मग वक्ता पोरांकडं वळून म्हणतो, बघा, तुमच्यातही तो दम आहे, फक्त जिद्द पाहिजे.

मला हे ऐकून राग येतो. शाळेला पायी जाण्यानं धावपटू घडत असते तर मराठवाड्याच्या एकेका वस्तीतून दोन-दोन ऑलिम्पियन निघाले असते. माझ्या शाळेतली निम्मी लेकरं तांड्यावरून, वाडीवरून चालत येतात. वीटभट्टीवर, कापसात, ऊसतोडीला आई-बाप गेलेले कितीतरी. कष्टाचा तुटवडा आम्हाला कधीच नव्हता. तुमची गोष्ट अशी सांगितली की ऐकणाऱ्या पोराच्या हाती काहीच लागत नाही. गरिबी त्याच्याकडं आहे, पायपीट आहे, जिद्दही आहे. तरी सोळाशेला त्याचे पाच मिनिटं चाळीस सेकंद लागतायत. मग तो निष्कर्ष काढतो की आपल्यातच खोट असणार. आणि वक्त्यांचं फावतं, कारण गरिबीच जर चॅम्पियन घडवत असेल तर मैदान, बूट, आहार, प्रशिक्षक यांच्यावर कुणी पैसा का खर्चावा?

तुमच्या सहा किलोमीटरची ही गोष्ट शाळेच्या दारात संपते. खरी गोष्ट तिच्यानंतर सुरू होते आणि ती आमच्याकडं कुणी सांगत नाही. मी फळ्यावर लिहून सांगतो. तारखा आणि आकडे वर्तमानपत्रांतून आणि निकालपत्रांतून गोळा केलेले आहेत.

बारावी झाल्यावर तुम्ही सैन्यात गेलात, महार रेजिमेंटच्या पाचव्या बटालियनमध्ये. म्हणजे तुम्हीही आमच्या पोरांसारखेच नोकरीसाठी गेलात. आधी सियाचीन, मग राजस्थानचं वाळवंट, मग सिक्कीम. शर्यतीचं पळणं सुरू झालं ते २०१५ च्या सुमारास, सैन्यातल्या क्रॉस कंट्रीतून, वयाच्या एकविसाव्या वर्षी. आमच्याकडं एकविसाव्या वर्षी पोराला म्हणतात, आता पळणं बास, कामाला लाग. २०१७ मध्ये प्रशिक्षक अमरिश कुमार यांनी तुम्हाला स्टीपलचेसकडं वळवलं. आणि २०१८ मध्ये भुवनेश्वरला राष्ट्रीय खुल्या स्पर्धेत तुम्ही ८ मिनिटं २९.८० सेकंदांत आलात. गोपाल सैनी यांनी १९८१ साली टोकियोत नोंदवलेला ८:३०.८८ चा विक्रम मोडला. तो विक्रम तुमच्या जन्माच्या आधीपासून उभा होता. ३७ वर्षं कुणाला हलला नव्हता.

इथं वक्ते थांबतात. मी इथून सुरू करतो. २०१९ मध्ये पतियाळ्याला ८:२८.९४. त्याच वर्षी दोहाच्या जागतिक स्पर्धेच्या प्राथमिक फेरीत गर्दीत अडथळा झाला, लय तुटली, तरी ८:२५.२३. संघानं दाद मागितली, ती मान्य झाली, अंतिम फेरीत जागा मिळाली आणि तीन दिवसांनी तिथं ८:२१.३७. मग २०२१, पुन्हा पतियाळा, ८:२०.२०. टोकियो ऑलिम्पिक, ८:१८.१२. २०२२ मध्ये तिरुवनंतपुरमला ८:१६.२१, रबातला ८:१२.४८, बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेत ८:११.२०. आणि ७ जुलै २०२४ ला पॅरिसच्या डायमंड लीगमध्ये ८:०९.९१.

दहा वेळा राष्ट्रीय विक्रम, त्यातले शेवटचे नऊ तुमचे स्वतःचेच मोडलेले. पहिल्यापासून दहाव्यापर्यंत फरक किती? १९.८९ सेकंद. वीस सेकंदांना जवळजवळ सहा वर्षं.

माझ्या मते तुमची कारकीर्द म्हणजे हे वीस सेकंद. ते साडेसात फेऱ्यांवर वाटले तर एका फेरीला पावणेतीन सेकंदांहूनही कमी येतात. एवढ्यासाठी तुम्ही सहा वर्षं दिलीत, देशी-परदेशी प्रशिक्षकांकडं शिकलात, कोलोरॅडोच्या उंचीवर राहिलात. मधेच २०२० मध्ये दिल्लीला अर्धमॅरेथॉन १ तास ३० सेकंदांत पळून राष्ट्रीय विक्रम केलात. २०२२ मध्ये अमेरिकेत पाच हजार मीटरला १३:२५.६५ ची वेळ नोंदवून बहादूर प्रसाद यांचा तीस वर्षांचा विक्रम मोडलात. तीन हजारासाठी एकवीस किलोमीटर पळावं लागतं, पाच हजार पळावं लागतं, हे आमच्या सोळाशेवाल्यांना कुणी सांगितलेलंच नाही. त्यांची समजूत अशी की सोळाशे सुधारायचं तर रोज सोळाशेच पळायचं, आणि रोज जीव तोडून.

आमच्याकडची तयारी कशी चालते ते ऐका. बऱ्याच ठिकाणी रोज सकाळी टायमिंग लावतात. सोमवारी ५:३०, मंगळवारी ५:२८, बुधवारी ५:३५. बुधवारी सात सेकंद वाढले म्हणून शिक्षा, दोन फेऱ्या जास्त. पायाखाली डांबरी रस्ता, बूट घसरणीला लागलेले. महिन्याभरात पोरगं नडगी चोळत येतं. “सर, नळ्या दुखायल्यात.” मग बर्फ, मग स्प्रे, मग क्रेप बँडेज, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा टायमिंग. विश्रांती घे म्हटलं तर म्हणतो, ग्राउंड पंधरा दिवसांवर आलंय, सर. चांगला धावपटू आठवड्यातले बहुतेक दिवस संथ पळतो, जोराचे दिवस दोन-तीनच असतात, हे मी सांगून थकलो. माझं कोण ऐकतं? मी काही सियाचीनला जाऊन आलेलो नाही.

एकदा पोरांना फळ्याजवळ बसवून हिशोब मांडला. वीस गुणांचं टायमिंग पाच मिनिटं दहा सेकंद, म्हणजे चारशे मीटरच्या एका फेरीला साडेसत्त्याहत्तर सेकंद. तुमची पॅरिसची सरासरी फेरीला साधारण पासष्ट सेकंद. म्हणजे त्या सरासरीनं तुम्ही सोळाशेचा टप्पा सुमारे चार मिनिटं एकवीस सेकंदांत ओलांडता, तेही अडथळ्यांवरून उड्या मारत, आणि तिथून पुढं अजून चौदाशे मीटर शिल्लक असतात. वर्ग गप्प झाला. मग मी मोही गावच्या ललिता बाबर यांचा हिशोब मांडला. माण तालुका, सातारा जिल्हा. दुष्काळात तो आपल्या मराठवाड्याच्या मागं नाही. २०१६ च्या रिओ ऑलिम्पिकमध्ये त्यांनी प्राथमिक फेरीत ९:१९.७६ ची वेळ नोंदवली. १९८४ च्या पी. टी. उषांनंतर ऑलिम्पिकमध्ये ट्रॅकवरच्या वैयक्तिक शर्यतीची अंतिम फेरी गाठणाऱ्या त्या पहिल्या भारतीय महिला, आणि अंतिम फेरीत दहाव्या आल्या. त्यांची सरासरी फेरीला पंचाहत्तर सेकंदांच्या आत. म्हणजे ज्या वेगाला आमच्या पोरांना वीसपैकी वीस गुण मिळतात, त्याहून जास्त वेगानं त्या साडेसात फेऱ्या पळाल्या, तेही अडथळे ओलांडत. मागच्या बाकावरची एक पोरगी हळूच म्हणाली, “मग आम्हाला आठशेच का देतात, सर?” पोरं हसली. माझ्याकडं उत्तर नव्हतं, आणि ते हसण्यासारखंही नव्हतं.

स्टीपलचेस म्हणजे काय हे आमच्याकडं कुणी डोळ्यांनी पाहिलेलं नाही. मी मोबाईलवर तुमची शर्यत लावली आणि पाण्याच्या उडीशी पुन्हा पुन्हा थांबवली. एका शर्यतीत २८ साधे अडथळे आणि ७ पाण्याच्या उड्या. अडथळा पुरुषांसाठी ९१.४ सेंटिमीटर उंच, आणि हर्डल्ससारखा पाय लागला तर पडणारा नाही. तो जागचा हलत नाही, माणूस पडतो. पाण्याच्या उडीला त्याच्यापुढं खड्डा ३.६६ मीटर लांब, अडथळ्याच्या पायथ्याशी सगळ्यात खोल आणि पुढं पुढं उथळ होत जाणारा. तुम्ही अडथळ्यावर एक पाय टेकवता, वर उडण्याऐवजी अंग पुढं फेकता, एक पाय उथळ पाण्यात पडतो आणि दुसरा कोरड्या ट्रॅकवर. हे सात वेळा करायचं, आणि सातव्यांदा तेव्हा, जेव्हा मांड्यांत काही उरलेलं नसतं. पोरं डोळे विस्फारून बघत होती. एकानं विचारलं, “ह्येची बी प्रॅक्टिस असती का?” मी म्हटलं, फक्त ह्याचीच सहा वर्षं असते.

वीस सेकंदांच्या गोष्टीत हरणंही येतं, आणि आमच्या पोरांना तेच सगळ्यात जास्त ऐकायची गरज आहे. टोकियोत तुम्ही राष्ट्रीय विक्रम केलात आणि तरीही अंतिम फेरी हुकली. यूजीनच्या जागतिक स्पर्धेत अकरावे. बर्मिंगहॅमला केनियाच्या अब्राहम किबिवोटची वेळ ८:११.१५, तुमची ८:११.२०. सेकंदाच्या विसाव्या हिश्शानं सुवर्ण गेलं. पण १९९८ ते २०१८ या सहा राष्ट्रकुल स्पर्धांत या शर्यतीची तिन्ही पदकं केनियाच घेऊन जात होता, त्या रांगेत तुम्ही घुसलात. २०२३ च्या ऑगस्टमध्ये बुडापेस्टच्या जागतिक स्पर्धेत प्राथमिक फेरीतच बाहेर. त्यानंतर सहा आठवड्यांनी, १ ऑक्टोबरला, हांगझोऊला ८:१९.५० मध्ये आशियाई सुवर्ण. या शर्यतीत आशियाई सुवर्ण मिळवणारे पहिले भारतीय पुरुष तुम्ही, आणि त्याच स्पर्धेत पाच हजार मीटरचं रौप्यही. पॅरिस ऑलिम्पिकमध्ये या शर्यतीची अंतिम फेरी गाठणारेही पहिले भारतीय पुरुष, आणि तिथं अकरावे.

आमच्या अकॅडमीच्या भिंतीवर हांगझोऊचा फोटो आहे, बुडापेस्टचा नाही. मला बुडापेस्टचाही लावायचा आहे.

पण यात एक गोष्ट अशी आहे जी तुम्हीच मोकळेपणानं बोलू शकता. तुम्ही हरू शकलात, कारण तुमच्या पोटाची सोय लागलेली होती. बुडापेस्टहून परतल्यावर तुम्हाला कुणी विचारलं नाही की आता घर कसं चालणार. सैन्याची नोकरी होती, पगार होता, शिबिर होतं, प्रशिक्षक होता. आमच्या पोराला हरायला एक दिवस मिळतो. ग्राउंडच्या दिवशी पोट बिघडलं, आदल्या रात्री परक्या शहरात फुटपाथवर झोप झाली नाही, पाऊस आला, की वर्ष गेलं. २०२४ च्या पोलीस भरतीत राज्यभरात १७ हजारांवर जागा होत्या आणि अर्ज १७ लाखांच्या वर. शंभरातला एक लागतो. उरलेले नव्व्याण्णव दोन-तीन वर्षं पहाटे उठून घरी परततात, बूट माळ्यावर टाकतात आणि जन्मात पुन्हा पळत नाहीत. जो लागतो तोही पळायचा थांबतो, कारण त्याचं काम झालेलं असतं. यादी लागली की पास झालेल्याचं आणि नापास झालेल्याचं पळणं एकाच दिवशी संपतं.

नोकरी मागण्यात त्यांचं काही चुकत नाही. शेती परवडत नाही, मिरचीचा भाव आज आहे उद्या नाही. वर्दी हाच घराला आधार. मी कुणाला ऑलिम्पिकचं स्वप्न दाखवून नोकरीवरून हटवणार नाही. माझं म्हणणं एवढंच की तुमचं पळणं नोकरीत गेल्यावर सुरू झालं, आणि आमच्यांचं नोकरीपाशी संपतं. या दोन वाक्यांमधल्या अंतरात मराठवाड्याचे किती धावपटू गळतात याचा हिशोब कुणी ठेवत नाही.

खरं तर हिशोब आहे, कुणी उघडून बघत नाही. दर भरतीला लाखो पोरापोरी ठरावीक अंतर घड्याळ लावून पळतात. आता बऱ्याच ठिकाणी पायाला किंवा छातीला चिप असते, सेकंदाच्या अंशापर्यंत वेळ नोंदली जाते. मध्यम पल्ल्याची एवढी मोठी निवड चाचणी राज्यात दुसरी कुठली असेल? त्यात एखादा पोरगा कुठल्याही प्रशिक्षकाशिवाय, रस्त्यावर सराव करून चार मिनिटं पस्तीस सेकंदांत येत असेल. त्याला वीस गुण मिळतात. पाच मिनिटं नऊ सेकंदांत येणाऱ्यालाही वीसच मिळतात. भरतीच्या दृष्टीनं दोघे सारखे. खेळाच्या दृष्टीनं त्यांच्यात जमीन-अस्मानाचा फरक आहे, पण तो कागद खेळातल्या माणसापर्यंत पोहोचत नाही. लेखीत तो चार गुणांनी राहिला तर गावी परत जाईल आणि ट्रॅक्टर चालवेल.

आता माझी मागणी. तीन गोष्टी आहेत.

पहिली. तुम्ही जिथं बोलाल तिथं सहा किलोमीटरचा विषय दोन वाक्यांत संपवा आणि वीस सेकंदांवर बोला. आठवड्यात किती दिवस संथ पळता, किती दिवस जोरात, किती झोपता, काय खाता. एका वर्षात किती सेकंदांची आशा धरावी, आणि वेळ वाढली तर काय करावं. पोरं माझ्याकडून ऐकत नाहीत, ती तुमच्याकडून ऐकतील. आणि पोरींसाठी वेगळं सांगा. आमच्या कितीतरी पोरी दम लागतो म्हणून स्वतःला कमकुवत समजतात. आधी रक्त तपासून घ्या, लोह कमी आहे का बघा, हे त्यांना कुणी सांगत नाही.

दुसरी. दुखापतीविषयी बोला. २०२५ च्या मे महिन्यात गुमीच्या आशियाई ॲथलेटिक्स स्पर्धेत तुम्ही विजेते झालात आणि जुलैत मोनॅकोला पाण्याच्या उडीपाशी पडलात. गुडघ्याचा अस्थिबंध गेला, शस्त्रक्रिया झाली, टोकियोची जागतिक स्पर्धा हुकली. हे आम्ही हळहळत वाचलं. पण आमच्या पोरांना हळहळीपेक्षा माहिती जास्त उपयोगी पडेल. आमच्याकडं दुखापत लपवतात. गुडघा सुजलेला असतो आणि पोरगं म्हणतं, काही नाही सर, जरा मुरगळलंय. देशातला सगळ्यात मोठा स्टीपलचेसर महिनोन् महिने थांबतो, भिंतीला टेकून पाय उचलण्यापासून पुन्हा सुरुवात करतो, आणि त्यात त्याला कमीपणा वाटत नाही, हे तुमच्या तोंडून आलं तर निदान दहा गुडघे वाचतील. परत ट्रॅकवर कधी यायचं, आणि यायचं की नाही, ते तुमचं तुम्ही ठरवा. आम्ही घाई करणार नाही. आमचा हिशोब तसाही सहा-सहा वर्षांचा आहे.

तिसरी, आणि ती सगळ्यात महत्त्वाची. भरतीचे ते कागद उघडायला लावा. माझ्यासारख्या तालुक्याच्या मास्तरानं अर्ज केला तर तो आवक-जावकमध्ये पडून राहील. तुम्ही सैन्यातले, अर्जुन पुरस्काराचे मानकरी, आणि सैन्यानंच तुम्हाला रांगेतून हेरलेलं. तुम्ही एकदा जाहीर म्हणालात की भरतीच्या मैदानावर सोळाशेला आणि आठशेला जी पोरं-पोरी ठरावीक वेळेपेक्षा फार पुढं आहेत, त्यांची यादी राज्याच्या क्रीडा खात्याला आणि ॲथलेटिक्स संघटनेला द्या, मग ती निवडली जावोत की न जावोत, तर ते बोलणं हवेत जाणार नाही. नवीन इमारत नको, नवीन योजना नको, उद्घाटनाची फीतही नको. जी वेळ मोजलेलीच आहे ती एखाद्या अमरिश कुमारांच्या नजरेखालून जाऊ द्या, एवढंच. शंभर नावांतून दोन निघाले तरी पुष्कळ झालं.

कधी या बाजूला येणं झालं तर धर्माबादला उतरा. सत्कार ठेवणार नाही, फेटा बांधणार नाही, व्यासपीठ तर नाहीच, कारण व्यासपीठ आलं की भाषण आलं आणि भाषण आलं की वीटभट्टी आली. आम्ही एक काम आमच्या परीनं सुरू केलं आहे. ग्राउंडवर रोजचं टायमिंग बंद केलं, आठवड्यातून एकदाच घड्याळ लावतो. बाकीचे दिवस पोरं बोलता येईल इतक्या संथ गतीनं पळतात. दोघा-तिघांनी कुरकुर करून दुसरी अकॅडमी धरली. राहिलेल्यांच्या वेळा वहीत लिहून ठेवतो आहे. कुणाचे चार सेकंद कमी झालेत, कुणाचे दोन वाढलेत. तुम्ही आलात तर ती वही तुमच्यापुढं ठेवीन. चुकलं असेल तिथं लाल पेन चालवा. आणि आठशेविषयी ज्या पोरीनं मला विचारलं होतं, तिला उत्तर तुम्हीच द्या.

आपला,
धर्माबादचा एक क्रीडाशिक्षक